म्हाताऱ्या पुरवणारी

कुणी विचारलं, तुम्ही काय करता, तर मी सरळ सांगते, म्हाताऱ्या पुरवते. समोरचा माणूस आधी हसतो, मग आपण भलत्या वेळी हसलो की काय म्हणून गप्प होतो. मला त्या गप्प होण्याची मजा वाटते, म्हणून तीस वर्षांत मी उत्तर बदललेलं नाही.

काम सांगते, परवापरवापर्यंत चालत होतं तसं. जळगाव-धुळ्याकडे शूटिंगला एखादं युनिट आलं की त्यांना गर्दी लागते. मग तो सिनेमा असो, मालिका असो, जाहिरात असो की हल्लीची वेबसिरीज. तरुण पोरं-पोरी कॅमेरा दिसला की आपणहून गोळा होतात. म्हाताऱ्या होत नाहीत. त्यांना घरून आणावं लागतं. सुनेचा रुसवा, लेकाचा संताप, गुडघे, गोळ्यांच्या वेळा, परतीची एसटी, हे सगळं सांभाळून सकाळी सातला त्यांना सेटवर हजर करणं हे माझं काम. मी राहते जळगावात, मेहरूणला. पण माझ्या बाया असोद्यापासून थेट धुळ्याच्या पलीकडच्या खेड्यांपर्यंत पसरलेल्या आहेत. आज साठ-बासष्ट असतील.

या सगळ्यांची एक वही आहे. तिच्यात नावं वयाप्रमाणे नाहीत की गावाप्रमाणे नाहीत. युनिटवाले जसं मागतात तशी पानं पाडली आहेत: रडणाऱ्या, भांडणाऱ्या, आशीर्वाद देणाऱ्या, खाटेवरच्या, मेलेल्या. सगळ्यात भरलेलं पान शेवटचं. वही सोडून एक लांब पिशवी. तिच्यात चार काठ्या, जाड भिंगांचे तीन चष्मे, दोन विटकी लुगडी आणि टाल्कम पावडरचा डबा. काठ्या मला न्याव्या लागतात, कारण माझ्या बायांपैकी कुणाकडेच काठी नसते. त्या कापूस वेचून, बसच्या पायऱ्या चढून, ताठ चालत सेटवर येतात. मग मी त्यांच्या हातात काठी देते आणि त्यांना वाकायला सांगते.

आणि थरथर शिकवते. हसू नका, ही विद्या आहे. कोपर पोटाशी घट्ट लावायचं, मनगट सैल सोडायचं, आणि हातात काठोकाठ भरलेला पेला आहे असं मनात धरायचं. बोटं मुद्दाम हलवायची नाहीत, तबला वाजवल्यासारखं दिसतं. खानदेशात पडद्यावर म्हाताऱ्या बाईचे हात कापताना कुणी पाहिले असतील, तर त्यातले निम्मे हात माझ्या तालमीतले समजा.

ही विद्या मी शिकले कधी? एकोणतिसाव्या वर्षी. त्या काळात आमच्याकडे खानदेशी विनोदी सिनेमे निघायचे आणि आधी कॅसेटवर, पुढे सीडीवर विकले जायचे. त्यातल्या एकात मला हिरोच्या आईचं काम मिळालं. हिरो अडतीस वर्षांचा होता, पोट सुटलेला. म्हणजे आईपेक्षा लेक नऊ वर्षांनी मोठा. कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही, मलाही नाही. खरं तर त्या कामासाठी आधी एका खरोखरच्या म्हाताऱ्या बाईंना बोलावलं होतं. सगळे त्यांना नानीबाई म्हणत. पासष्टीच्या होत्या, उंच, खणखणीत आवाजाच्या. दिग्दर्शक म्हणाला, या म्हाताऱ्या वाटत नाहीत. मग माझ्या डोक्यावर पावडरचा अर्धा डबा ओतला गेला, मी पेला धरल्यासारखे हात थरथरवून दाखवले आणि युनिटनं टाळ्या वाजवल्या. नानीबाई नाश्त्याचं पाकीट हातात घेऊन पायी स्टँडकडे निघाल्या. मी त्यांना जाताना पाहिलं, आणि मला आनंद झाला होता. तो आनंद आज आठवला की मला माझीच शरम वाटते.

त्या सीडींमधल्या म्हाताऱ्या तर बहुतेक पुरुषच असत. लुगडं नेसलेला, मिशी काढलेला गडी पायरीवरून गडगडत पडायचा आणि सगळं गाव पोट धरून हसायचं. लुगडी माझ्याच पिशवीतली असायची. मीही हसायचे.

पुढे मालिका आल्या. तिथे म्हातारी दोनच जागी असायची: देवघरात, नाहीतर खाटेवर. देवघरातली रेशमी साडीत झोपायची आणि रेशमी साडीतच उठायची. ती मुंबईहून यायची, माझ्याकडून नाही. खाटेवरची माझी. खोकायचं, पाणी मागायचं आणि लेकाचा हात सुनेच्या हातात देऊन मान टाकायची. मान टाकायलाही मीच शिकवायचे. एकदा एका जाहिरातवाल्यानं फोनवर सांगितलं, "ताई, गरीब पण स्वच्छ म्हातारी पाहिजे." मी विचारलं, "आणि श्रीमंत पण अस्वच्छ असली तर किती सूट देता?" त्याला कळलं नाही. काम मात्र गेलं.

एक गोष्ट सांगायची म्हणजे जिवावर येतं, पण सांगते. वरणगावच्या एक सिंधूबाई होत्या. नवरा नोकरीतून निवृत्त झालेला, घर नीटनेटकं. त्यांनी नुकतीच कवळी करून घेतली होती. कवळी बसल्यावर बाई इतक्या मोकळ्या हसायला लागल्या की सेटवर आल्या तरी कारण नसताना हसायच्या. एका जाहिरातीला बोळक्या तोंडाची म्हातारी हवी होती. मी सिंधूबाईंना कोपऱ्यात नेलं, म्हटलं, एवढ्या एका शॉटपुरती काढा. त्यांनी माझ्याकडे बघितलं, कवळी काढून माझ्या हातातल्या रुमालात ठेवली. जाहिरात चालली. पुढे तो चेहरा मोबाइलवर विनोद म्हणून फिरला, त्यांच्या नात्यातल्या लग्नातही पोचला. मी माफी मागायला वरणगावला गेले. त्यांनी चहा केला, बिस्किटं दिली, सगळं बोलल्या, पण तोंडावर पदर धरून. कवळी तोंडात होती, तरीही पदर. त्या पुन्हा आल्या नाहीत. वहीत त्यांचं नाव होतं, पण कुठल्या पानावर ठेवावं ते मला कित्येक दिवस सुचलं नाही.

हल्ली लोक मला म्हणतात, ताई, आता जमाना बदलला, आता पडद्यावरच्या आज्या बघा कशा झोकात असतात. बदलला खरा. हल्ली फोन येतो, "कूल आजी पाहिजे." म्हणजे काय, तर डोळ्यांवर गॉगल, बुडाखाली मोठी मोटारसायकल, तोंडात दोन सणसणीत शिव्या, आणि शेवटी नाच. माझ्या पिशवीत दोन गॉगलही आले. आधी काठी देत होते, मग गॉगल द्यायला लागले. मला सांगा, यात बाई कुठे आहे? जी पहाटे उठते, शेतात जाते, बँकेत अंगठा न देता सही करते, आवडलेल्या पातळासाठी दुकानदाराशी भांडते, जिला अजून कशाचा तरी हेवा वाटतो, ती अडुसष्ट वर्षांची बाई काठी आणि गॉगलच्या मधे कुठेतरी हरवली आहे. मी स्वतः आज बासष्ट वर्षांची आहे. मागे आजीच्या कामासाठी मीच माझा फोटो पाठवला, तर उत्तर आलं, "तुम्ही आजी वाटत नाही." घेतली कोण, तर चव्वेचाळीस वर्षांची. नानीबाई, हिशेब चुकता झाला म्हणायचा.

आता यमुनाअक्कांकडे येते. हे सगळं लिहायला बसले ते त्यांच्यासाठी.

यमुनाअक्का धुळ्यापासून तासाभरावरच्या खेड्यातल्या. वय अडुसष्ट. लग्नसराईत त्यांना गावोगाव बोलावणं असतं, मांडे करायला. बाहेरच्या वाचकांसाठी सांगते, मांडा म्हणजे आमच्याकडची खापरावरची पुरणपोळी. ती पोळपाटावर मोठी करत नाहीत. पुरण भरलेला गोळा थोडा लाटायचा, मग दोन्ही मुठींवर घ्यायचा, आणि हात हवेत ठेवून फिरवत फिरवत कोपरापर्यंत पसरवायचा, पलीकडचं दिसेल इतका पातळ. मग चुलीवर पालथ्या घातलेल्या खापरावर अलगद टाकायचा. यात हात जरा जरी कचरला तरी मांडा गेला.

अक्का माझ्या वहीत शेवटच्या पानावर होत्या. मेलेल्या. चौदा वेळा त्या माझ्यासाठी मेल्या. पहिल्यांदा तिरडीवर झोपल्या तेव्हा त्यांच्या सुनेनं घरात आकांत केला, जिवंत बाईला असं कुणी झोपवतं का म्हणून. अक्का तिला म्हणाल्या, खोटं मरण झालं की आयुष्य वाढतं, आता तू बस मला सांभाळत. अशा त्या. पण मागच्या वर्षी त्या मला आपल्या अहिराणीत म्हणाल्या, "मंगल, मी चौदा डाव मरनू. आते माले एक डाव बोलानं शे."

चौदा वेळा मरून त्यांना पडद्यावर एक वाक्य मिळालं नव्हतं. मी ठरवलं, मिळवून द्यायचं.

संधी आली. एका वेबसिरीजचं युनिट असोद्याच्या एका शेतघरात उतरलं. लग्नघराचा प्रसंग होता, चुलीवर मांडे करणारी आजी हवी होती. दिग्दर्शक निनाद, पुण्याचा तरुण मुलगा, बोलायला गोड. त्यानं अक्कांचे हात पाहिले आणि लगेच हो म्हणाला. वाक्यही होतं. प्रसंग असा: आजी मांडा करते, तिचे हात थरथरतात, मांडा फाटतो, तिच्या डोळ्यांत पाणी येतं, ती म्हणते, "आता माझ्याच्यानं होत नाही गं पोरी," आणि नवी नातसून तिच्या हातून काम आपल्या हातात घेते.

अक्कांनी ते वाक्य आठ दिवस घोकलं. शेंगा फोडताना, भाकरी थापताना, बसमध्ये खिडकीशी. आयुष्यातलं पहिलं वाक्य मिळालं तेही "माझ्याच्यानं होत नाही" असं, हे मला तेव्हा खटकायला हवं होतं. खटकलं नाही. मी बसमध्ये त्यांना कोपर पोटाशी धरायला शिकवत होते.

शूटिंग सुरू झालं. चूल पेटली, खापर तापलं, अक्कांनी गोळा मुठींवर घेतला. निनाद हळूच म्हणाला, "आजी, आता थरथर." अक्कांनी मान डोलावली आणि मांडा फिरवला. चंद्रासारखा गोल मांडा खापरावर जाऊन बसला. "आजी, फाटायला हवा ना," निनाद म्हणाला. दुसरा टेक. दुसरा मांडा. तिसरा, चौथा, पाचवा. एकही फाटला नाही. बाजूला युनिटमधली माणसं दुधात कुस्करून मांडे खात होती आणि प्रत्येक टेकला खूश होत होती.

अक्का रडकुंडीला आल्या. "भाऊ, मी काय करू? मना हातवर फाटत नही."

मी पुढे झाले. "अक्का, कोपर पोटाशी."

"कोपर पोटले लावं ते मांडा फिरी कसा?"

बरोबर होतं. थरथर आणि मांडा या दोन विद्या एका हातात राहू शकत नव्हत्या. अक्कांचे हात पन्नास वर्षं एकच गोष्ट शिकले होते आणि ती त्यांना विसरता येत नव्हती.

प्रॉडक्शन मॅनेजरनं मला अंगणात बोलावलं. तो म्हणाला, "मंगलाताई, वेळ जातोय. सोपं करू. चेहरा आजींचा, हात तुमचे. क्लोजअपमध्ये कळणार नाही. नाहीतर सासूचं काम करणाऱ्या बाई आहेत, पंचेचाळीसच्या, त्यांना पावडर लावून आजी करतो आणि यांना घरी पाठवतो." मग आवाज उतरवून म्हणाला, "आम्ही इथे दोन महिने आहोत. तुमच्या सगळ्या बायांना काम आहे. बघा बुवा."

मी आत आले. अक्कांना सांगितलं. मला वाटलं होतं, त्या भांडतील. त्यांनी मनगटातली चांदीची कडी काढली आणि शांतपणे माझ्या हातांत घातली, म्हणजे क्लोजअपमध्ये हात त्यांचेच वाटावेत. चुलीजवळ बसून कडी गरम झाली होती. "तू कर," त्या म्हणाल्या. "माले ते येत नही." आणि बाजूला सरकून मला जागा दिली.

मी चुलीपुढे बसले. अक्कांनी अर्धा पसरलेला मांडा माझ्या मुठींवर ठेवला. कॅमेरा माझ्या हातांवर आला. माझं कोपर आपणहून पोटाशी गेलं, सवयच ती. आणि मला नाश्त्याचं पाकीट घेऊन स्टँडकडे चाललेल्या नानीबाई दिसल्या. रुमालात ठेवलेली कवळी दिसली. एका अख्ख्या मांड्याला फाडण्यासाठी मी माझे हात उसने देणार होते, आणि ते हात जगाला यमुनाअक्कांचे म्हणून दिसणार होते. मी कोपर पोटापासून बाजूला केलं.

"मला थरथरता येत नाही," मी म्हटलं.

मॅनेजर ओरडला, "अहो, तुम्हीच तर शिकवता सगळ्यांना!"

"शिकवत होते. आता विसरले."

"सरळ सांगा, करायचं नाही."

"नाही करायचं," मी म्हटलं. "सरळच सांगते. पंचेचाळीसच्या बाईला पावडर लावायची तर डबा माझ्या पिशवीत आहे, पण मी तो देणार नाही."

साठ बायांचे चेहरे डोळ्यांपुढे होते. तेवढ्यात अक्का पुढे झाल्या. त्यांनी माझ्या मुठींवरचा मांडा अलगद परत घेतला, दोन गिरक्या दिल्या आणि खापरावर टाकला. वाया कसा घालवायचा? मग निनादकडे वळून म्हणाल्या, "भाऊ, तुमले फाटेल मांडा दखाडना शे ना? मंग जिले येत नही तिना हातवर द्या."

आणि नातसुनेचं काम करणाऱ्या रेवाकडे बोट दाखवलं.

निनादनं एकदा अक्कांकडे बघितलं, एकदा रेवाकडे. मला वाटतं, त्या क्षणी त्याला आपण काय लिहिलंय ते पहिल्यांदा दिसलं. तो कॅमेरामनला म्हणाला, "चालू ठेव." रेवा बिचारी बिनतयारीची. तिनं मुठी पुढे केल्या, अक्कांनी मांडा तिच्या हातांवर ठेवला, आणि तिनं पहिली गिरकी द्यायच्या आत तो मधोमध फाटून पुरणासकट तिच्या मांडीवर पडला. पोरीचे हात खरोखर कापत होते. तिच्या डोळ्यांत पाणी आलं, तेही खरं.

अक्का वाक्य विसरल्या. आठ दिवस घोकलेलं वाक्य. त्यांनी रेवाच्या मांडीवरचं पुरण गोळा केलं आणि म्हणाल्या, "फाटू दे व माय. पीठ शे, पुरन शे, मी बी आठेच शे. दुसरा कर." आठेच म्हणजे इथेच.

निनादनं दुसरा मांडा होईपर्यंत कॅमेरा चालू ठेवला. मग लेखकाला म्हणाला, "आजींचं वाक्य लिहून घे. जसंच्या तसं."

आता फार खूश होऊ नका. त्या मॅनेजरनं दोन महिन्यांत माझ्या एकाही बाईला पुन्हा बोलावलं नाही. त्यानं म्हाताऱ्या दुसरीकडून आणल्या, त्यांच्या हातात काठ्या दिल्या, आणि त्या छान थरथरल्या असं ऐकलं. मी माझ्या बायांना मेहरूणच्या तलावाकाठी बोलावून खरं ते सांगितलं, की तुमचं काम माझ्यामुळे गेलं. दोघी-तिघी रागावल्या, त्यांचा राग खरा होता. बाकीच्या म्हणाल्या, आम्हाला तसंही वाकून पाठ दुखते. तेव्हापासून फोन आला की मी आधी सांगते: थरथर बंद, बोळकं तोंड बंद, गॉगल बंद. बाई हवी असेल तर बोला. निम्मे फोन तिथेच बंद होतात. होऊ देत. चारही काठ्या अक्कांच्या अंगणात आहेत, त्यांच्यावर गिलक्याचा, म्हणजे घोसाळ्याचा, वेल चढवलाय.

सिरीज आली तेव्हा अक्कांच्या ओट्यावर सगळं गाव एका मोबाइलभोवती जमलं होतं. मी जळगावात एकटीच बघत होते. प्रसंग दीड मिनिटाचा होता. मांडा फाटला रेवाच्या हातात, अक्कांचं वाक्य जसंच्या तसं होतं, आणि शेवटच्या यादीत "आजी" या शब्दापुढे यमुनाअक्कांचं पूर्ण नाव होतं. लगेच फोन आला. मागे सुनेचा, पोरांचा गलका.

"मंगल, दखं का तू?"

"पाहिलं अक्का."

"पंधरावा डाव व्हता," त्या म्हणाल्या. "मी जित्ती दिसनू व!"

फोन ठेवल्यावर मी वही काढली आणि "मेलेल्या" हे पान उघडलं. सगळ्यात वर अक्कांचं नाव, खाली बाकीच्या. सगळी नावं एका कोऱ्या पानावर उतरवून घेतली, त्या सगळ्यांच्या आधी सिंधूबाईंचं लिहिलं, आणि पानाला काही शीर्षक दिलं नाही. मग जुनं पान फाडलं. ते एका झटक्यात फाटलं.